ओरडणाऱ्या पोराची कॅसेट

माझं तरुणपण मला चाळिशी उलटल्यावर मिळालं. ते आधीच मिळायचं, पण सतराव्या वर्षी लग्न होऊन मी घोडबंदरहून मुर्ध्याला आले, आणि मग मुलगा झाला (तो पुढे नोकरीला बाहेरगावी गेला), त्यानंतर सहा वर्षं वाट बघायला लावून दर्शना झाली, आणि मधल्या काळात कुणी मला विचारलंच नाही की बाई, तू तरुण कधी होणार आहेस. मीही विचारलं नाही. सातवीत शाळा सुटली होती ती मी दर्शनाच्या पुस्तकांवर पुन्हा धरली. ती आठवीत तेव्हा मी आठवीत, ती बारावीत तेव्हा मी बारावीत, फक्त परीक्षेला ती जायची आणि मी भाकऱ्या थापायला. तर ज्या वर्षाचं मी सांगतेय, त्या वर्षी आम्ही दोघी बारावीला होतो, आणि घरात एक अमेरिकन पोरगा ओरडत होता.

आमचं घर गावाच्या आतल्या अंगाला. पुढे जुनी कौलारू ओटी, मागे यांनी बांधलेली स्लॅबची एक खोली, आणि दोन्हीच्या मध्ये माझं स्वयंपाकघर, म्हणजे मी कायम दोन जमान्यांच्या मध्ये चुलीपाशी उभी. मागच्या दारातून पूर्वी मिठागरं दिसायची. त्या वर्षी तिथे भराव पडला होता आणि इमारतीच्या पायासाठी खांब ठोकायचं यंत्र आलं होतं. सकाळी नऊला ते सुरू व्हायचं, धाड, मग थोडं थांबून धाड, आणि मांडणीवरची पातेली प्रत्येक धाडेला एकमेकांना चिकटून बसायची. सकाळी सुकटीचा वास, दुपारी वालाचं बिरडं, संध्याकाळी यांच्यासाठी ओल्या जवळ्याचं कालवण आणि तांदळाची भाकरी. यांचं जेवण बिनबोलाचं असायचं. हे भाईंदरच्या स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात सुपरवायझर. दिवसभर पत्रा ठोकण्याचा आवाज ऐकून त्यांचे कान असे झाले होते की घरी दर्शनाने टेप लावला की म्हणायचे, "बरं वाटतं, कारखान्यातून निघाल्यासारखं वाटतच नाही." ही तक्रार होती की कौतुक, ते मला आजवर कळलेलं नाही.

ती कॅसेट घरात आली ती उत्तनच्या ग्लेंडाकडून. ग्लेंडा म्हणजे दर्शनाची कॉलेजातली मैत्रीण. तिचे मामा जहाजावर नोकरीला. ते अमेरिकेच्या कुठल्याशा बंदरातून येताना भाचीसाठी गाण्यांच्या कॅसेटी आणायचे, आणि त्यातली एक ग्लेंडाने दर्शनाला वाढदिवसाला दिली. कव्हरवर जळालेलं एक घर आणि त्याच्या पुढ्यात रिकामी खुर्ची. वर नाव लिहिलेलं, पण ते असं काटेरी की कुंपणाला लावलेली बाभळीची फांदी वाटावी. माझं इंग्रजी बारावीचं होतं तरी मला त्यातलं एक अक्षर लागलं नाही. दर्शना म्हणाली, "आई, ते वाचायचं नसतं, ओळखायचं असतं." ही त्या पोरांची पहिलीच कॅसेट होती. कुठल्याशा लहान गावातली पाच पोरं, गावातला कारखाना बंद पडलेला, आणि आईबापांच्या तळघरात वाजवून वाजवून त्यांनी ही अकरा गाणी केलेली. "पहिला अल्बम आहे ना," दर्शना मला समजावायची, "त्यांना अजून कोणी सांगितलं नाहीये की असं नाही करायचं. दुसऱ्यात हुशार होतात सगळे." या संगीताला मेटलकोर म्हणतात, असं तिने मला लिहून दिलं होतं. मी तो कागद डब्यावर चिकटवला, आणि पुढे कित्येक महिने त्या डब्याला आम्ही मेटलकोरचा डबा म्हणायचो. त्यात हरभऱ्याची डाळ होती.

आता ते गाणं ऐकायला कसं होतं ते सांगते. पहिलं गाणं सुरू व्हायचं अगदी शहाण्यासारखं, एकटी गिटार, पागोळ्यांचं पाणी थेंब थेंब पडावं तशी. मी फसून पीठ मळता मळता मान डोलवायची, आणि तेवढ्यात ढोल फुटायचा आणि तो पोरगा ओरडायला लागायचा. ओरडणं म्हणजे साधं नाही. शेजारणीने पाणी आपल्या अंगणात सोडलं तर आपण ओरडतो ते वेगळं. हे पोटातून, घशाच्या खालून, करपलेलं पातेलं खरवडल्यासारखं. मग मध्येच दुसरा एक पोरगा गोड आवाजात दोन ओळी गायचा, भांडण सोडवायला आल्यासारखा, आणि पहिला त्याचं काही ऐकायचा नाही. मग सगळं एकदम थांबायचं, आणि मग अगदी संथ, जड, धाड, धाड. एका दुपारी मी आतून ओरडले, "दर्शना, बास झालं, बंद कर ते." तर ती माझ्या मागे माठापाशी पाणी पीत उभी होती. "आई, ते इमारतवाल्यांचं मशीन आहे," ती म्हणाली. "टेप बंदच आहे."

घरात या पोराची बाजू घेणारी एकच व्यक्ती होती आणि ती माझी सासू. आम्ही सगळे तिला आय म्हणायचो. पंच्याहत्तरीची, अंगाने बारीक, पण आवाज असा की ओट्यावरून हाक मारली तर खाडीतला माणूस वळून बघेल. पहिल्यांदा तो पोर ओरडला तेव्हा ती भाजी निवडत होती. तिने मान वर केली. मला वाटलं, आता विचारणार कोण मेलं. ती पूर्ण गाणं ऐकत बसली आणि मग म्हणाली, "दम हाय पोराला. पन घेतो कुठं त्यो? मना दम घेतलेला आयकूच येत न्हाय."

हा धंद्यातला प्रश्न होता, कारण आय धवलारीण होती. बाहेरच्यांना सांगते, आमच्या आगऱ्यांच्या लग्नात हळदीपासून मांडवापर्यंत प्रत्येक विधीला धवला गातात, आणि तो गाणारी बाई म्हणजे धवलारीण. भटजी नंतर आले. आधी ती. ती बसते, देवांना, गावाच्या वेशीला, गेलेल्या आजा-पणज्यांना नावानिशी बोलावते, आणि मागे बसलेल्या बायका तिची प्रत्येक ओळ उचलतात. ती जे गाईल ते त्यांनी उचलायचं, हा नियम. कुठेही लिहिलेलं नाही. आयने ते तिच्या सासूच्या तोंडून घेतलं होतं, आणि माझ्या तोंडात ते जावं असं तिने माझ्या लग्नाच्या दिवशीच ठरवून टाकलं होतं. चोवीस वर्षं ती ते माझ्या तोंडात घालत होती आणि चोवीस वर्षं माझ्या कानातून ते बाहेर पडत होतं. मला वाटायचं माझं डोकं मुळातच भोकाचं. बाजारात गेले की चारातल्या दोनच वस्तू आणायची. देवांच्या नावांत तर माझा असा गोंधळ व्हायचा की एकदा सरावाला मी एकाच देवीला तीनदा आमंत्रण दिलं. आय म्हणाली, "ती आली हाय मगाशीच. बस म्हन तिला."

मोठ्या दिरांच्या नीलेशचं लग्न ठरलं, आणि आयने सगळ्या भावकीसमोर सांगून टाकलं की तिला आता एवढा वेळ दम पुरत नाही, नीलेशचा धवला कुंदा गाणार. कुंदा म्हणजे मी. जाऊबाई गोड हसल्या. त्यांच्या हसण्यात असं होतं की ध्वनिक्षेपकवाल्याला सांगून ठेवते, पंचाईत नको. एखादीला सासू, जाऊ, लग्नघर आणि गावातल्या साठ बायका यांच्यासमोर तोंड उघडून काहीच न येणं म्हणजे काय, हे ज्यांना कळत नाही ती माणसं सुखी. मी जेवेनाशी झाले. दर्शनाने मला धीर द्यायचा प्रयत्न केला, त्या पोराच्या कॅसेटमधला बारीक अक्षरांचा कागद उलगडून तिसऱ्या गाण्याचा अर्थ सांगितला. त्याचा बाप घर सोडून गेलेला असतो आणि तो त्याला हाका मारत असतो.

"एवढंच आहे तर नीट बोलून सांगायचं ना," मी म्हटलं. "ओरडायचं कशाला?"

"मग तू पण पणजोबांना बोलून सांग. फोन कर, म्हणावं नीलेशचं लग्न आहे, या."

तिचं ऐकून आय आतून खोकल्यासारखं हसली. मला त्या दोघींचाही राग आला, कारण भीती वाटत होती ती मला एकटीला.

आणि भ्यालेलं माणूस करतं ते मी केलं. चोरी. मी ठरवलं की आय शिकवते ते गुपचूप टेपमध्ये भरायचं आणि मग भाकऱ्या थापता थापता ऐकून पाठ करायचं. आयला विचारणं शक्य नव्हतं. मुंबईहून एकदा कुणी माणूस यंत्र घेऊन तिच्याकडे आला होता, तर तिने त्याला चहा दिला, पोहे दिले आणि वाटेला लावला. तोंडातून तोंडात जातं, डब्यात जात नाही, असं तिचं म्हणणं. दुपारी दर्शना क्लासला गेली होती. कोरी कॅसेट घरात नव्हती. यांच्या भजनांच्या कॅसेटींना हात लावला तर हे तीन दिवस जेवताना बोलले असते. राहिली ती ओरडणाऱ्या पोराची.

इथे मी माझी अक्कल जशीच्या तशी मांडते. मला वाटलं, अकरा गाणी, सगळी सारखी, त्यातली दोन-तीन गेली तर कुणाला कळणार आहे. धवल्यात एखादं कडवं गेलं तर अंगावर काटा येणारी बाई मी. ते दुसऱ्याच्या पोराचं होतं म्हणून मला तो गोंगाट वाटला. विकतच्या कॅसेटच्या वरच्या कडेला दोन चौकोनी भोकं असतात, ती उघडी असली की तिच्यावर दुसरं काही भरता येत नाही. त्या भोकांत कागदाचा बोळा कोंबायचा आणि वर चिकटपट्टी मारायची, ही विद्या त्या काळी घरोघरी होती. मी पट्टी मारली, टेप गाद्यांच्या गठ्ठ्यामागे ठेवला, लाल बटण दाबलं आणि आयच्या समोर वाल सोलायला बसले. त्या दिवशी आय कधी नव्हे ती रंगली. देव झाले, वेस झाली, पूर्वज सुरू झाले. मी एक ओळ मन लावून ऐकली नाही. कशाला ऐकू, डबा ऐकत होता. मागून खट् असं वाजलं तेव्हा मला वाटलं, किती लवकर संपलं. कॅसेटची एक अख्खी बाजू गेली होती.

दर्शना संध्याकाळी आली, हातपाय धुतले, चहा घेतला, मागच्या खोलीत गेली. मी कान तिकडे लावून कांदा चिरत होते. थेंब थेंब गिटार वाजली नाही. आयचा आवाज आला, मुर्ध्याच्या वेशीला बोलावणारा. दर्शना आधी हसली, तिला वाटलं दुसरीच कॅसेट लागली. मग तिने ती काढली, बघितली, पट्टी बघितली, पुन्हा लावली, पुढे पळवली, थांबवली, पुढे पळवली. सगळीकडे आय. मग ती स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. मला वाटलं ओरडेल. एवढं शिक्षण झालं होतं तिचं ओरडण्याचं.

"सहा गाणी होती त्या बाजूला," ती हळू म्हणाली. "मला विचारलं असतंस तर मी तुला कोरी आणून दिली असती."

एवढंच. त्यानंतर ती माझ्याशी बोलली नाही. भांडली असती तर मी जिंकले असते, भांडणात मी बरी आहे. ती फक्त ताट घ्यायची, जेवायची, ताट घासून ठेवायची. टेप बंद. दुसरी बाजू शाबूत होती, तीही तिने लावली नाही. मशीनवाल्यांनीही नेमकं त्याच आठवड्यात काम थांबवलं होतं, आणि आमच्या घरात एवढी शांतता पसरली की माझा कुकर मलाच उद्धट वाटायला लागला.

तिसऱ्या दिवशी आयने विचारलं, "त्यो वरडनारा पोर कुठं गेला? आजारी हाय का?"

मी सांगून टाकलं. सगळं, गाद्यांच्या गठ्ठ्यासकट. आयने वाटीतले वाल एक एक करून परत सुपात टाकले, म्हणजे त्या दिवसाचा सराव संपला.

"माजा गला डब्यान भरलास. मना न इचारता."

"आय, चुकले."

"तुजा न्हाय चुकला. माजा चुकला. मी चोवीस वर्सं भिंतीला शिकवीत बसलू." ती उठली. "आता तो डबाच बशीव मांडवान. त्याला हलद लाव, त्याची ओटी भर. मी काय येत न्हाय शिकवाला."

लग्नाला आठ दिवस होते. डब्यात भरलेलं होतं अर्ध्या तासाच्याही आतलं, आणि गायचं होतं दोन दिवस. मी ते अर्ध्या तासाचं ऐकायला गेले तर दर्शना ज्या नजरेने टेपकडे बघायची ती आठवून माझा हात बटणापर्यंत जाईना. धवला माझ्या हातचा गेलाच होता. निदान मुलीची कॅसेट तरी परत आणावी, म्हणून मी भाईंदर स्टेशनजवळच्या कॅसेटवाल्याकडे गेले. गुजराती म्हातारा, गळ्यात चष्मा, दुकानात तीन कॉलेजची मुलं आणि नवरात्रीच्या कॅसेटी बघणाऱ्या दोन बायका.

"भाई, एक अंग्रेजी कॅसेट चाहिए," मी म्हटलं.

"कौनसा बेन?"

"वो, जिसमें लडका गुस्सा करता है."

मुलं वळली. "आंटी, वो तो सबमें करता है," त्यातला एक म्हणाला.

"इसमें जास्ती करता है. घर जला हुआ है ऊपर. नाम नहीं पढने आता."

"तो गाना कैसा है, थोडा बोलो ना," म्हातारा म्हणाला. सुतावरून स्वर्ग गाठणारी माणसं ही, गिऱ्हाईक सोडायची नाहीत.

मी इकडे तिकडे बघितलं, पदर खोचला आणि आधी गिटार केली. ती तोंडाने करायला सोपी आहे. मग ढोल. मग त्या पोराचं ओरडणं आलं, तर मी म्हटलं आता अर्ध्यात थांबून काय उपयोग, आणि केलं तेही, आयने शिकवल्यासारखा पोटातून दम लावून. मग गोड आवाजवाल्या पोराच्या दोन ओळी, मग थांबणं, मग ती संथ धाड धाड. पहिलं गाणं संपलं तसं दुसरं आपोआप लागलं, कारण कॅसेटमध्ये ते तसंच लागतं, मध्ये एवढासाच श्वास. शब्द कुठले आहेत याचा मला पत्ता नव्हता. पण कुठला आवाज कुठल्यानंतर येतो ते मला माझ्या घरातल्या डब्यांसारखं माहीत होतं. मी डोळे उघडले तेव्हा नवरात्रीवाल्या बायका दुकानाच्या बाहेर जाऊन उभ्या होत्या आणि मुलं भिंतीला टेकली होती.

म्हाताऱ्याने चष्मा लावला. "बेन, ये केसेट तो मेरे पास नहीं है. इंडिया में मिलेगा भी नहीं." मग म्हणाला, "पर आपको काय कू चाहिए? आपको तो पूरा याद है."

मी रिक्षात बसून मुर्ध्याला कशी आले ते मला आठवत नाही. म्हणजे बघा, भोकाच्या डोक्याची बाई मी. चारातल्या दोन वस्तू आणणारी. आणि दोन महिने भिंतीपलीकडून नको नको म्हणत ऐकलेली, एक शब्द न कळलेली गाणी माझ्या अंगात बसली होती, क्रमाने, श्वासासकट. त्या गाण्यांना मी कधी पाठ करायला बसले नव्हते, म्हणून त्यांना माझी भीती वाटली नव्हती आणि मला त्यांची.

घरी दर्शना पुस्तक घेऊन बसली होती. मी चपला न काढताच तिच्या समोर बसले. "मिळाली नाही कॅसेट," मी म्हटलं. "पण तुझी पहिली बाजू माझ्याकडे आहे." आणि सुरू केलं. आधी ती पुस्तकातच बघत राहिली. दुसऱ्या गाण्याला तिच्या पायाचा अंगठा हलायला लागला. तिसरं, ते बापाला हाका मारायचं गाणं, त्यात मी पुढे निघाले तर तिने हात वर केला.

"इथे तो दोनदा थांबतो."

चार दिवसांनी ऐकलेलं ते तिचं पहिलं वाक्य. मी दोनदा थांबले. पाचव्याला ती माझ्याबरोबर ओरडत होती, आणि सहावं संपेपर्यंत आमचे दोघींचे घसे बसले होते. आता ते सगळं मोबाइलवर मिळतं. मागच्या दिवाळीला दर्शनाने मला ते ऐकवलं, तर मी एकाच ठिकाणी चुकले होते, आणि तिथे माझं मला अजूनही बरं वाटतं.

दारात आय उभी होती. किती वेळ ते माहीत नाही. हातात रिकामी वाटी.

"जा कलत न्हाय ता पाठ झाला," ती म्हणाली, "मंग जा कलतंय त्याला काय धाड भरली तुज्या?"

दर्शनाने तोंड फिरवून हसू आवरलं.

"सुपातले वाल आन. आनि आता आयकायचा न्हाय. काम करायचा. मी गाईन माज्यापुरता."

आणि तसंच झालं. हळदीपर्यंत तिने मला शिकवलं नाही. ती ओट्यावर बसून गात राहिली आणि मी भांडी घासली, मासळी साफ केली, तांदूळ दळून आणले, आणि एकदाही मन लावून ऐकलं नाही. घाबरायला सवड नव्हती.

नीलेशच्या हळदीला मी बसले तेव्हा माझ्या मागे साठ बायका होत्या आणि समोर खुर्चीवर आय, छताकडे बघत. देव आले, एकेकदाच आले. वेस आली. पूर्वज सगळे आले, जाऊबाईंच्या माहेरच्या एका पणजोबांना तर मी असं आग्रहाने बोलावलं की त्यांनी डोळ्यांना पदर लावला. दोन तास पुढे गेले आणि हळद उतरवायच्या जागी, अगदी सोप्या जागी, माझ्यापुढे भिंत आली. पुढची ओळच नाही. मागे साठ बायका तोंडं उघडून तयार. श्वास घेतलेला, तो सोडणं भाग होतं. तर त्या श्वासावर बाहेर आल्या त्या तिसऱ्या गाण्यातल्या गोड आवाजवाल्या पोराच्या दोन ओळी, धवल्याच्या चालीत, धवल्याच्या संथपणे. त्यांचा अर्थ मला नाही, मुर्ध्यात कुणालाच नाही. पण धवलारीण जे गाईल ते उचलायचं, हा नियम. साठ बायकांनी ते जसंच्या तसं उचललं, एकही अडखळली नाही. तेवढ्या वेळात मला माझी ओळ सापडली आणि मी पुढे गेले. बायकांच्या मागे उभी असलेली दर्शना मांडवाच्या खांबाला धरून खाली बसलेली मला दिसली. तिला काय होतंय म्हणून दोघी-तिघी पाणी घेऊन धावल्या.

दुसऱ्या दिवशी सगळं पार पडल्यावर, धवलारणीचा मान म्हणून मला मिळालेली साडी मी घडी घालून आयच्या पुढ्यात ठेवली. तिने साडी बघितली, काठ बघितला.

"मधी यक कडवा गायलीस. हलद उतरवताना."

"आय, विसरले होते मी."

"मना ठाव हाय. त्या पोराचा ना त्यो?"

"हो."

तिने पान तोंडात टाकलं. "बसला बराबर," ती म्हणाली.

त्यानंतर मी किती लग्नं गायले ते मोजलं नाही. दुसऱ्याच लग्नात त्या जागी आले तर माझी ओळ मला आठवत होती, पण मागच्या बायका थांबून राहिल्या, त्यांचं कडवं आलं नव्हतं. म्हणून गायलं. मग ते राहिलंच. शेजारच्या राई गावच्या बायकांनी आमच्याकडून नेलं, तिथून मोर्व्याला गेलं. आय गेली त्यालाही आता बरीच वर्षं झाली, तिने कधी कुणाला सांगितलं नाही.

मागच्या वर्षी कॉलेजातली एक मुलगी आली होती, धवल्यावर अभ्यास करणारी, गुणी, मान खाली घालून लिहिणारी. तिच्यासमोर मी, शेजारची विमल आणि सुट्टीला आलेली दर्शना अशा बसलो होतो. मी गाऊन दाखवत गेले, ती लिहीत गेली, आणि हळद उतरवायची जागा आली. तिने ते दोनदा गायला लावलं. पेन थांबलं.

"मावशी, याचा अर्थ काय होतो? हे शब्द मी कुठेच वाचलेले नाहीत."

दर्शना माझ्याकडे बघत होती. "आई, सांग तिला खरं," ती म्हणाली. आणि मी सांगणारच होते. कॅसेट, पट्टी, गाद्यांचा गठ्ठा, सगळं सांगायला मी तोंड उघडलं, तेवढ्यात विमल पुढे सरकली.

"त्याचा अर्थ आता कोनाला ठाव न्हाय बाय," ती म्हणाली. "लय जुना हाय त्यो. आमची आजी गायाची."

मुलीने वहीत तेही लिहून घेतलं.